वत्सला मोटर्सचा उलटा बोर्ड

गॅव्हिनने मला फसवलं. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे तो गोड बोलायला लागला की तुम्ही विरघळणार नाही. मी विरघळले नव्हते, तरी फसले.

गॅव्हिन हा लाइन प्रोड्यूसर. दिग्दर्शकाने मागितलेली वस्तू वेळेवर आणि स्वस्तात आणून देणारा माणूस. माझा धंदा अशांवरच चालतो. मी शूटिंगला गाड्या भाड्याने देते. कॅमेऱ्यासमोर दिसणाऱ्या गाडीला आमच्यात पिक्चर कार म्हणतात. ती धावलीच पाहिजे असं नाही, दिसली पाहिजे. अकाउंटिंग शिकायला सिडनीला आले, ब्लॅकटाउनच्या एका कार वॉशमध्ये शिफ्ट करत शिकले, आणि डिग्रीपेक्षा कार वॉशच जास्त उपयोगी पडलं. पुढे गाड्या ठेवायला स्वतःचं यार्ड घेतलं. त्याला आईचं नाव दिलं: वत्सला मोटर्स.

आईने ते यार्ड पाहिलं नव्हतं. तिचा व्हिसा आला आणि ऑस्ट्रेलियाने सीमा बंद केली. तिकीट रद्द झालं. ती मिरजेत, मी सिडनीच्या क्वेकर्स हिलमध्ये, आणि मधे कोविड. व्हिडिओ कॉलवर मी तिला बोर्ड दाखवायचे.

"फोनवर काय, काहीही दाखवता येतं," आई म्हणायची. "शेजारच्या सुलूताईंचा मुलगा फोनवर स्वतःच्या मागे आयफेल टॉवर लावतो. टीव्हीवर दाखव, मग मानते."

तिने हे सहज म्हटलं. मी सहज ऐकलं नाही.

लॉकडाउनमध्ये जाहिरातींची शूटिंगं थांबली. गाड्या यार्डात धूळ खात उभ्या. अशात गॅव्हिनचा फोन आला. बोलणं सगळं इंग्लिशमध्ये झालं, इथे मराठीत देते. त्याच्या शिव्या गाळल्यात, माझ्याही.

"व्ही, फ्रेंच सिरीज आहे. क्राइम थ्रिलर. गाजलेल्या कादंबरीवरून. तुझ्याकडे डाव्या स्टिअरिंगच्या गाड्या किती?"

वैजयंती म्हणायला त्याची जीभ वळत नाही, म्हणून मी व्ही.

गोष्ट घडत होती न्यू कॅलेडोनियात. सिडनीहून विमानाने गेलं तर जवळच असलेलं, फ्रेंच बोलणारं बेट. सगळी टीम तयारीसाठी सिडनीला आली आणि इथेच अडकली. आता सिडनीलाच ते बेट बनवायचं होतं. समुद्र आणि माड इथेही आहेत. अडचण रस्त्याची होती. तिकडे गाड्या उजवीकडून चालतात, स्टिअरिंग डावीकडे असतं. आपल्याकडे आणि ऑस्ट्रेलियात नेमकं उलट.

डाव्या स्टिअरिंगच्या माझ्याकडे दोनच जुन्या गाड्या. बाकीच्या आणायच्या तर दुसऱ्या राज्यातून, आणि राज्यांच्या सीमाही बंद. दुसरा कुणी असता तर नाही म्हणाला असता. मी म्हटलं, "गाड्या कशाला उलट्या शोधतोस? चित्र उलटं कर."

यालाच फ्लॉप म्हणतात. गाड्या दिसतात तेवढं शूट केलेलं दृश्य आरशातल्यासारखं उलटवायचं. उजवं स्टिअरिंग डावं दिसतं, डावीकडून चाललेली गाडी उजवीकडून चाललेली दिसते. फक्त नंबर प्लेट, पाट्या, दुकानांची नावं आधीच उलटी रंगवावी लागतात, म्हणजे नंतर ती सुलटी होतात. नटाचा भांग दुसरीकडे पाडायचा, घड्याळ दुसऱ्या मनगटावर बांधायचं.

गॅव्हिन गप्प झाला. तो गप्प झाला की समजायचं, पटलंय आणि आता भाव पाडणार.

भावाची घासाघीस हॅरिस पार्कच्या एका मिठाईच्या दुकानाबाहेर झाली, मास्क हनुवटीवर ओढून, हातात कचोरी. पण मी तयारी करून गेले होते. गाडीवाल्यांना पटकथा कधीच दाखवत नाहीत. कथा फुटेल म्हणून गोपनीयतेच्या करारावर सही मात्र घेतात. आता, कुठल्या भागात माझी गाडी जळणार, कुठल्या भागात पाण्यात जाणार, हे माहीत नसताना भाव कसा ठरवायचा? म्हणून मी ती कादंबरी इंग्लिश भाषांतरात मागवली आणि वाचून काढली. पटकथा वाचायची बंदी होती. पुस्तक दुकानात मिळत होतं.

वाचल्यावर दोन गोष्टी कळल्या. एक, माझी एकही गाडी जळत नव्हती. दुसरी, कथेचा सगळा उलगडा एका गॅरेजमध्ये होत होता. गॅरेजच्या मेकॅनिकनेच खून केलेला असतो. जखमेवरून खुनी डावखुरा आहे एवढं पोलिसांना कळलेलं असतं. मेकॅनिक सगळ्यांसमोर जपून उजवा हात वापरतो. शेवटी चाकाचा नट घट्ट करताना बेसावधपणे पाना डाव्या हातात घेतो. दारात उभी असलेली इन्स्पेक्टर बाई ते बघते. खेळ खलास.

म्हणजे कॅमेरा त्या गॅरेजवर थांबणार. भरपूर थांबणार.

"भाव तू म्हणतोस तो," मी म्हटलं. गॅव्हिनची कचोरी हातातच राहिली. "पण गॅरेजचा सीन माझ्या यार्डात करायचा. आणि गॅरेजवरचा बोर्ड माझ्या यार्डाचा. वत्सला मोटर्स. कॅमेऱ्यात वाचता आला पाहिजे."

"फ्रेंच बेटावर वत्सला?"

"बेटावर कुणाचंही गॅरेज असू शकतं. माझं सिडनीत आहे ना?"

"गॅरेजचा सीन आहे हे तुला कुणी सांगितलं?"

"गाड्यांची सिरीज आहे, गॅरेज असणारच."

तो हसला. हात मिळवायची बंदी होती, म्हणून कोपराला कोपर लावून सौदा झाला, आणि करारात 'बोर्ड दिसेल' अशी ओळ आली.

मी आईला त्याच दिवशी सांगितलं. तिने सुलूताईंना सांगितलं. म्हणजे मिरजेत जाहीर झालं.

शूटिंगच्या दिवशी यार्डात सगळे मास्कमध्ये. दिग्दर्शिका क्लेअर नावाची उंच बाई, कपाळाला आठी, बोलण्यात साखर. रंगाऱ्याने बोर्ड उलटा रंगवला. आईचं नाव उलटीकडून लिहिलेलं बघताना मला कसंसंच झालं.

"पॅरिसला एडिटिंगमध्ये सुलटं होईल, व्ही," गॅव्हिन म्हणाला. "तू एवढी काय बघतेस त्याच्याकडे?"

"माझ्या आईचं नाव आहे. तुझ्या आईचं उलटं लिहू?"

सीन झाला. मेकॅनिकचं काम करणाऱ्या नटाने पाना डाव्या हातात घेतला, चाकाचा नट घट्ट केला, मान वर केली, चेहरा पांढरा पडला. उत्तम काम. मॉनिटरवर चित्र जसं घेतलं तसंच दिसत होतं, म्हणजे बोर्ड उलटाच. सेटवर फोन काढायची बंदी होती. पण मला नाव सुलटं बघायचं होतं. मॉनिटरसमोर कुणी नाही असं बघून मी एक फोटो काढलाच.

संध्याकाळी घरी आले. नवरा, मिलिंद, डायनिंग टेबलावर ऑफिसचा लॅपटॉप मांडून बसलेला, वर शर्ट आणि खाली हाफ पँट. मी फोनमध्ये फोटो उलटवला. वत्सला मोटर्स. सुलटं, सुरेख. मी फोन त्याच्यासमोर धरला.

"छान आलंय," तो म्हणाला. "हा खुनी का?"

"हो."

"तू तर म्हणाली होतीस, डावखुरा आहे."

मी फोन ओढून घेतला. बोर्ड सुलटा होता. खुन्याच्या उजव्या हातात पाना होता.

कुणीही चूक केली नव्हती, हीच गंमत. भांग आठवणीने उलटा पाडला होता, घड्याळ आठवणीने उजव्या मनगटावर बांधलं होतं. पण पटकथेत लिहिलं होतं, 'पाना डाव्या हातात.' म्हणून नटाने डाव्या हातात घेतला. नोंद ठेवणाऱ्यांनी तपासलं, डावाच आहे, बरोबर. फ्लॉप झाल्यावर तो उजवा होणार, हे कुणाच्या डोक्यात आलं नाही. सगळी सिरीज डावखुऱ्याला शोधणार आणि शेवटी इन्स्पेक्टर बाई उजव्या हाताने काम करणाऱ्या गरीब मेकॅनिकला पकडणार.

"पुन्हा शूट करतील," मिलिंद म्हणाला.

"नट गेला. त्याला परतीचं विमान मिळालं, सेटवरून थेट एअरपोर्टला. आता त्याला परत कोण आणतंय?"

"मग?"

मग एकच उपाय होता आणि तो मला लगेच दिसला. तो शॉट उलटवायचाच नाही. जसा घेतला तसा ठेवायचा. हात डावाच राहील. गाडीचं फक्त चाक दिसतंय, स्टिअरिंग चौकटीत नाही, म्हणजे तीही अडचण नाही. खुनी सापडताना भांग आणि घड्याळ कुणी बघत नाही. अडचण फक्त उलट्या रंगवलेल्या अक्षरांची. शॉट सुलटा ठेवला की आईचं नाव उलटं.

"सांगणार ना त्यांना?" मिलिंदने विचारलं.

"सांगणार. पण फुकट नाही."

"वैजू, गप्प बसलीस तरी तुझं नाव सुलटं येणारच आहे की."

त्याचं खरं होतं. गप्प बसले असते तर माझा बोर्ड झकास दिसला असता आणि त्यांची सिरीज बुडाली असती. पण बुडालेल्या सिरीजमध्ये दिसून काय मिळणार? लोक त्या शॉटवर हसणार आणि हसताना मागे वत्सला मोटर्स वाचणार. शिवाय मी सौदे करते, पण कुणाच्या कामाची वाट लागताना बघत बसत नाही. तेवढं शहाणपण कार वॉशमध्ये शिकले होते.

सकाळी गॅव्हिनला फोन केला.

"त्या गॅरेजच्या सीनमध्ये माझा बोर्ड वाचता येणार, बरोबर?"

"ठरलंय ना, व्ही."

"काहीही झालं तरी?"

"काहीही झालं तरी. का, काय झालं?"

"कॉम्प्युटरवर दुरुस्त करावा लागला तरी?"

"तरी. शब्द देतो. आता बोल."

"ईमेल कर."

"व्ही, अगं इतक्या वर्षांची ओळख आपली."

इथे मी चुकले असं मिलिंद म्हणतो. मी आयुष्यात तोंडी सौदा केलेला नाही. पण ईमेलची कॉपी वकिलांना जाते. वकील विचारणार, या बाईला आतली गोष्ट कशी कळली? कादंबरीचं एक वेळ सांगता आलं असतं, मॉनिटरच्या फोटोचं नाही. गोपनीयतेच्या करारावर सही माझीच होती. म्हणून म्हटलं, चल, तोंडी.

आणि फोटोसकट सगळं सांगितलं.

पलीकडून खुर्ची मागे सरकल्याचा आवाज आला. मग एक लांबलचक शिवी, मग "थँक यू, मेट."

"माझं नाव कुठे घेऊ नकोस," मी म्हटलं.

"बिलकुल नाही."

हा शब्द त्याने पाळला. अगदी मनापासून पाळला. ही चूक गॅव्हिननेच पकडली असं क्लेअरला वाटलं, आणि तिने त्याला शॅम्पेनची बाटली पाठवली. मला त्याने बाटलीचा फोटो पाठवला.

सिरीज लागली तेव्हाही सीमा बंदच होती. आम्ही सोफ्यावर, आई मिरजेत टॅबसमोर, शेजारी सुलूताई. दोन्हीकडे एकाच वेळी लावायचं ठरलं होतं. शेवटचा भाग. गॅरेज. डावा हात. पाना. इन्स्पेक्टर बाईचे डोळे बारीक झाले. फार सुंदर सीन झाला होता. नटाच्या डोक्यावर, ठळक इंग्लिश अक्षरांत, कॅमेरा हलायचं नाव घेत नाही इतका वेळ:

"स्रोटॉम अलास्ताव," मिलिंदने उलटं वाचलं. "रशियन वाटतंय."

मी त्याच्याकडे बघितलं. तो चहा करायला उठला.

मी सीन थांबवून नीट बघितला. गाडीची नंबर प्लेट कॉम्प्युटरवर सुलटी केली होती. मागच्या भिंतीवर कॅलेंडर होतं, ते सुलटं केलं होतं. कोपऱ्यातल्या तेलाच्या डब्यावर बारीक अक्षरं होती, तीसुद्धा सुलटी केली होती. उलटं राहिलं होतं ते एकच.

गॅव्हिनला फोन लावला.

"व्ही, हे बघ, वकिलांनी सांगितलं," तो म्हणाला. "खऱ्या कंपनीचं नाव वाचता येत असेल तर परवानगीची भानगड. वाचता येत नसेल तर काही नाही."

"परवानगी मी देणार होते. कंपनी माझी आहे."

"हो, पण तुला विचारायचं म्हणजे हे सगळं कसं ठरलं ते सांगावं लागलं असतं. तुझा फोटो, वगैरे. मी तुलाच वाचवलं, मेट. आणि खरं सांगू? छान दिसतंय. पूर्व युरोपातलं वाटतं. गूढ."

मी काय बोलले ते इथे लिहीत नाही.

फोन ठेवला तोच आईचा व्हिडिओ कॉल. मी उचलला आणि आधीच सुरू केलं. "आई, त्या माणसाने मला फसवलं. तुझं नाव उलटं लावलं. मी सोडणार नाही त्याला."

"उलटं कुठे?" आई म्हणाली. "सुलटंच आहे की. आम्ही दोघींनी वाचलं."

"अगं, कसं वाचलंस?"

आईने फोन फिरवला. गोदरेजच्या कपाटाला आरसा आहे. त्यासमोर सुलूताई टॅब आरशाकडे तोंड करून, दोन्ही हातांनी देवाचा फोटो धरावा तशा धरून उभ्या होत्या. आरशात वत्सला मोटर्स.

"मी आधीच म्हटलं होतं, टीव्हीवर दाखव, मग मानते," आई म्हणाली. "मानलं. सुलूताईंच्या मुलाचा आयफेल टॉवर आता काढून टाका म्हणावं."

सुलूताई आरशातून म्हणाल्या, "हात दुखायला लागलेत, वत्सलाबाई."

तर धडा एवढाच. बोर्डाचा सौदा करताना बोर्ड कुठल्या बाजूने वाचायचा, हेही लिहून घ्यावं. आणि ज्याच्याबद्दल कागदावर लिहिता येत नाही, असा फोटो मुळात काढू नये.

पण यात माझ्या आईने उपाय शोधला म्हणून गॅव्हिन सुटत नाही. त्याला मराठी येत नाही, म्हणून हे मराठीत लिहिलंय. पण हॅरिस पार्कमध्ये त्याचे बरेच मराठी मित्र आहेत, कचोरी खाताना कुणीतरी वाचून दाखवेलच. तेव्हा, गॅव्हिन, एवढंच सांग. तेलाच्या डब्यावरची अक्षरं सुलटी करायला माणूस होता, वेळ होता. त्याच्या वर माझ्या आईचं नाव होतं. त्या माणसाला 'हे राहू दे' असं कोण म्हणालं? वकील म्हणाला की तू? सीमा उघडल्यात, आई इथे आली आहे, यार्डात बोर्डाखाली खुर्ची टाकून बसली आहे. येऊन तिच्या तोंडावर सांग.