सायलेन्सबाईच्या नावाचे दोन सूर

माझ्या शेजारणीचं नाव तिच्या आईबापांनी मोठ्या आशेने ठेवलं होतं. सायलेन्स. म्हणजे शांतता. आमच्या हॅडमोर गावात अशी नावं घरोघरी आहेत, आणि एकही नाव माणसाच्या मापाचं नाही. सहनशीलतेवरून जिचं नाव ठेवलं ती पेशन्स नवऱ्यावर पळी फेकते. संयमाच्या नावाने बाप्तिस्मा झालेल्या टेम्परन्सकडे सफरचंदाच्या दारूची पिंपं मीच पोचवतो, पिंपं बनवणं हाच माझा धंदा. तरीही सायलेन्स वॅडम्सची सर कुणाला नाही. ती पाळण्यात बोलायला लागली आणि तिथून आजपर्यंत थांबलेली नाही.

बाई विधवा. राखेच्या पाण्यात चरबी उकळून साबण करायचा आणि गावाला पुरवायचा, हा तिचा उद्योग. अंगणात मोठी कढई, खाली जाळ, वर धूर, आणि धुरात ही, हातात लांब काठी घेऊन ढवळतेय आणि बोलतेय. ऐकायला कुणी नसलं तर कढईशी बोलायची. कढईही नसली तर कुंपणापलीकडून माझ्याशी.

"पेली, ए पिंपवाल्या, ऐकतोयस ना?"

"नाही."

"बरं, मग काय झालं सांगते..."

अशी आमची शेजारधर्माची रीत.

दोन हिवाळ्यांपूर्वी मला ताप आला. बायको आधीच देवाघरी गेलेली, पोरं दूर. पाद्रीबुवा येऊन माझ्यासाठी शेवटची प्रार्थना करून गेले, इतकी तयारी झाली होती. मग सायलेन्सबाई मक्याची लापशी घेऊन आली आणि उशाशी बसून तिने मावसभावाच्या लग्नाची गोष्ट सुरू केली. वऱ्हाड निघालं, वाटेत घोडा अडला, नवरीच्या आत्याची टोपी ओढ्यात पडली. मी डोळे मिटले की बाई म्हणायची, "थांब, आत्ता कुठे गंमत येतेय." मला निवांत मरायला तिने फुरसतच दिली नाही. आठवड्याने मी उठून बसलो तेव्हा वऱ्हाड ओढ्याच्या पलीकडेही गेलं नव्हतं. म्हणून सांगतो, हा जीव माझा असला तरी त्यावर कुंपणापलीकडची वहिवाट आहे.

आता एलनाथन बॉट्सफर्डबद्दल. सभाघरातल्या प्रार्थनेच्या वेळी शिस्त राखण्याचं काम गावाने याच्याकडे दिलेलं. त्याच्या हातात लांब दांडा. एका टोकाला कोल्ह्याची शेपटी, दुसऱ्या टोकाला लाकडी गोळा. बाई पेंगली तर शेपटी नाकाखाली फिरवायची, पुरुष पेंगला तर गोळा टाळक्यात. कुजबुज वाढली की जमिनीवर दांडा आपटायचा आणि गर्जायचं, "सायलेन्स!" म्हणजे गप्प बसा! माणूस वाईट नव्हता, पण त्या दांड्याने त्याच्या डोक्यात घर केलं होतं. जेवताना पोरांनी चुळबुळ केली तरी घरातही दांडा आपटायचा, "सायलेन्स!"

वसंतातल्या एका रविवारी बाई शेजारणीला साबणाची काहीतरी खुबी सांगत होती. एलनाथन आला आणि त्याने शेपटी तिच्या नाकाखाली धरली. बाई शिंकली, आणि अशी शिंकली की पाद्रीबुवांच्या बायबलचं पान उलटलं आणि ते प्रलयातून थेट बाबेलच्या मनोऱ्यावर गेले. सगळं सभाघर हसलं. मी जरा जास्तच हसलो, म्हणून गोळा मला बसला.

बाहेर आल्यावर बाईने त्याला गाठलं. "मी झोपले होते का रे? जागी होते म्हणून तर बोलत होते!"

"बोलायचं नसतं, बाई. देवाच्या घरात शांतता लागते."

"शांतता? एलनाथन, तुझ्या घरी असा एक दिवस येईल, की तू शांतता मागशील आणि ती तुला मिळणार नाही!"

सगळ्या गावाने ऐकलं. हसून घरी गेलं. बोलून चालून बाईचं बोलणं, कोण मनावर घेतो?

पण पंधरवड्याच्या आत एलनाथनची धाकटी माइंडवेल, दुधाचे दात पडायच्या वयातली गोड पोर, अंथरुणाला खिळली. अंग भाजतंय, डोकं दोन्ही हातांनी दाबून धरतेय, गडाबडा लोळतेय. आणि ओरडते काय? "सायलेन्स! सायलेन्स!"

एलनाथनला आधी काही सुचलं नाही. मग ते रविवारचं बोलणं आठवलं, आणि त्याचा चेहरा पांढरा पडला.

हसण्यावारी न्यायचे दिवस नव्हते ते. नदीपलीकडच्या गावात आदल्या वर्षी हेप्झिबा क्रो नावाच्या बाईला चेटकीण ठरवून फासावर चढवलं होतं. शेजाऱ्याची गाय आटली, आणि त्या आधी हेप्झिबा गोठ्यापाशी काहीतरी पुटपुटताना कुणीतरी पाहिली होती, एवढंच. ती पुटपुटणारी बाई होती. आमची तर गर्जणारी.

बॉट्सफर्डांच्या घरी गाव लोटलं. पोरीच्या खाटेभोवती उभं राहून मोठमोठ्याने प्रार्थना, स्तोत्रं, रडणं. जितका गजर वाढे तितकी पोर किंचाळे, "सायलेन्स!" आणि ती किंचाळली की गाव म्हणे, बघा, पुन्हा तिचंच नाव घेतलं! मग गजर आणखी वाढे. एलनाथन कोपऱ्यात दांडा आपटत बसलेला, सैतानाला हाकलायला.

गावात तुरुंग नाही. मजबूत अडसराची खोली एकच, ती म्हणजे माझं पिंपांचं कोठार. तेव्हा सायलेन्सबाईला आणून माझ्याच घरी कोंडलं, आणि राखणीला मला बसवलं. सुनावणी दुसऱ्या दिवशी सकाळी. मॅजिस्ट्रेटसाहेब घोड्यावरून येणार.

मी दाराबाहेर बसून पिंपाच्या फळ्या तासत होतो. म्हटलं, आता बाई आतून सुरू होईल. अर्धी दुपार गेली. आतून आवाज नाही. मी तासणं थांबवून दाराला कान लावला.

"बाई?"

मी दार ठोठावलं.

"सायलेन्सबाई, जेवलीस का? भोपळा उकडलाय."

फळ्यांच्या फटीतून आवाज आला, तोही तिचा वाटेना. "पेली, हेप्झिबाला मी माझी लहान कढई दिली होती. ती गेल्यावर परत आणायला माझं पाऊलच उचललं नाही. अजून तिच्या चुलीवर असेल."

 मग एकदम डोक्यात आलं ते विचारलं. "ते राहू दे. मावसभावाच्या लग्नाचं पुढे काय झालं?"

"काय?"

"वऱ्हाड ओढ्याकाठी सोडलंयस तू. दोन वर्षं उभं आहे बिचारं. नवरी म्हातारी झाली असेल."

आतून एक हुंदका आला आणि त्याच्या मागोमाग हसू. आणि मग, देवा तुझे उपकार, बाई बोलायला लागली. टोपी सापडली, वऱ्हाड पोचलं, आणि बाई तेव्हा सहा-सात वर्षांची परकरी पोर.

"लग्नाला ही गर्दी, पेली. सगळे बोलतायत. पाद्री उठला आणि ओरडला, 'सायलेन्स!' मला वाटलं, मलाच बोलावलं. मी उठले, तुरुतुरु पुढे गेले आणि नवरानवरीच्या मध्ये जाऊन उभी राहिले. म्हटलं, 'आले, काय काम आहे?'"

मी रंधा खाली ठेवला. पोट धरून हसलो.

"हस हस. तेव्हापासून शिकले मी. माझ्या नावाला दोन सूर आहेत. मला बोलावणारा माणूस शेवट वर उचलतो. गप्प करणारा शेवट खाली आपटतो. आयुष्यभर हेच ऐकलंय, आणि बहुतेक आपटलेलंच." तिचा आवाज फटीजवळ आला. "पेली, त्या पोरीचा आवाज तू ऐकलास?"

"मी बाहेर होतो. का?"

"मला तर तिच्याजवळ जाऊच दिलं नाही." एवढं बोलून बाई पुन्हा गप्प झाली, पण हे गप्प राहणं वेगळं होतं. कढईत साबण जमतोय की नाही हे बघताना ती राहते, तसं.

सकाळी सभाघर शिगोशीग भरलं. मॅजिस्ट्रेटसाहेब लांब चेहऱ्याचे, प्रवासाने शिणलेले. पाद्रीबुवा शेजारी. बाईला समोर उभं केलं, हात दोरीने बांधलेले. एलनाथन पोरीला कांबळ्यात गुंडाळून उचलून घेऊन आला, आणि तिला पाहताच गावाने असा काही कल्लोळ केला की छपरातली कबुतरं उडाली.

पोरीने कानांवर हात दाबले. तोंड वेडंवाकडं करून किंचाळली, "सायलेन्स!"

"ऐकलंत, साहेब?" पाद्रीबुवा ओरडले. "चेटकिणीसमोरच तिचं नाव घेतेय!"

"फाशी द्या!" मागून कुणीतरी. कल्लोळ दुप्पट. एलनाथन एका हाताने पोरीला धरून दुसऱ्याने सवयीने दांडा आपटतोय. पोर बापाच्या हातात धनुष्यासारखी वाकली.

मी सायलेन्सबाईकडे बघत होतो. ती मान तिरकी करून ऐकत होती. आणि मग तिचा चेहरा बदलला. आयुष्यभराचा सगळा सराव पणाला लावून बाई ओरडली, आणि तिचा आवाज त्या गर्दीवर झाकण बसावं तसा बसला.

"अरे मूर्खांनो! ती मला बोलावत नाहीये! ती तुम्हाला गप्प बसा म्हणतेय!"

बाईने बांधलेले हात पोरीकडे केले.

"सूर ऐका तिचा! खाली आपटतेय ती, बापासारखा! पोरीचं डोकं फुटायला आलंय आणि तुम्ही तिच्या कानाशी गाव गोळा करताय. एलनाथन, तो दांडा ठेव आधी! साहेब, मला फाशी द्यायची तर द्या, पण सावकाश द्या. आवाज न करता."

मॅजिस्ट्रेटसाहेबांनी तिच्याकडे पाहिलं, पोरीकडे पाहिलं. मग त्यांनी हात वर केला आणि ओठांवर बोट ठेवलं. तोंडाने 'सायलेन्स' म्हणाले नाहीत, हे त्यांचे उपकार.

सभाघर शांत झालं. असं शांत, की मला माझ्याच पोटातली गुरगुर ऐकू आली. एलनाथनने दांडा हळूच भिंतीला टेकवला. पोरीचे हात कानांवरून सैल पडले. ती हुंदके देत राहिली, मग हुंदके लांब लांब होत गेले, आणि तिने बापाच्या खांद्यावर मान टाकली.

साहेब उठून तिच्याजवळ गेले आणि अगदी हलक्या आवाजात म्हणाले, "बाळ, तुला कोण त्रास देतं?"

"कान," माइंडवेल म्हणाली. "कान ठणकतो. सगळे ओरडतात. बाबा काठी आपटतात."

"आणि ही बाई?"

पोरीने डोळे किलकिले करून बघितलं. "ही साबणवाली. तिचे हात का बांधलेत?"

 साहेबांनी स्वतः गाठ सोडली. दुसऱ्या दिवशी पोरीचा कान फुटला, पुवाने उशी भरली, ताप उतरला, आणि तिने खायला मागितलं. हेप्झिबा क्रोच्या नावाला एकच सूर होता. तिच्यासाठी सभाघर असं गप्प झालं नाही. हे मला आठवतं, आणि सायलेन्सबाईलाही. ती लहान कढई बाई नदीपलीकडून घेऊन आली. त्यात साबण करत नाही. घासून, पुसून, फळीवर ठेवलीय.

एलनाथन तिच्या दारी आला तो टोपी हातात घेऊन. मी कुंपणाशी होतो, योगायोगाने.

"बाई, मी... माझ्या हातून..."

"आत ये आणि बस. आज मी बोलणार आणि तू ऐकणार."

दिवे लागेपर्यंत तो बसून होता. एवढी शिक्षा मॅजिस्ट्रेटसाहेबांनीही दिली नसती. जाताना मात्र त्याने तिचे दोन्ही हात धरले, मनगटावर जिथे दोरीचा वळ होता तिथे, आणि तो रडला. बाई काहीच बोलली नाही. मी कान देऊन होतो, म्हणून खात्रीने सांगतो.

आता माइंडवेल रोज सकाळी येते. कोपऱ्यावरूनच हाक मारते, "सायलेन्स!" आणि शेवट असा वर उचलते की अंगणातल्या कोंबड्याही माना वर करतात. बाई कढईपासून ओरडते, "आले, काय काम आहे?"

सुगीनंतर गावाने आभाराचा दिवस पाळला. पाद्रीबुवा म्हणाले, प्रत्येकाने मनातल्या मनात, निःशब्द, देवाचे उपकार आठवावे. सगळ्यांनी माना खाली घातल्या. त्या शांततेत बायकांच्या बाकावरून स्पष्ट कुजबुज ऐकू यायला लागली. बाई देवाचे आभार मानत होती, एकेक नाव घेऊन. माइंडवेलचा कान, मॅजिस्ट्रेटसाहेबांचं बोट, पेलीचा भोपळा...

एलनाथन उठला. दांडा घेऊन तिच्या बाकाशी गेला. सगळं सभाघर श्वास रोखून. कोल्ह्याची शेपटी खाली आली, तिच्या नाकापाशी थांबली, आणि तशीच वर गेली. तो तिथेच उभा राहिला, बाईचं संपेपर्यंत. आणि संपायला बराच वेळ लागला, हे सांगायला नकोच.

मला हसू आवरेना. एलनाथनने मागे वळून पाहिलं. शिस्त तर राखायची होतीच, कुणाला तरी गप्प करायलाच हवं होतं. लाकडी गोळा माझ्या टाळक्यात बसला.

टेंगूळ चांगलंच आलं. मी त्याच्याबद्दलही देवाचे आभार मानले.