वारा कुणाच्या अखत्यारीत?

कुणी कसलंही गाऱ्हाणं घेऊन आलं की भाऊसाहेब चष्मा कपाळावर ढकलायचे आणि विचारायचे, "हे कुणाच्या अखत्यारीत येतं?" एसी गळो, लिफ्ट अडको की नवऱ्याशी भांडण होवो, प्रश्न ठरलेला.

दुबईच्या देरा भागातल्या आमच्या ट्रेडिंग ऑफिसात ते कस्टम्सची कागदपत्रं बघायचे. आखातात येण्याआधी संगमेश्वर तालुक्यात ग्रामसेवक होते, म्हणून आम्ही तिघं-चौघं मराठी माणसं त्यांना भाऊसाहेबच म्हणायचो. ती नोकरी सुटली, अंगातला ग्रामसेवक सुटला नाही. तुमच्याही ऑफिसात असा एकजण असेल. नसेल, तर तुमचे अर्ज कोण लिहितं देव जाणे.

एके दिवशी त्यांच्या टेबलाच्या काचेखाली स्पेनच्या जिरोना प्रांताचा नकाशा आला. वर पिरेनीजचे डोंगर आणि फ्रान्सची हद्द, उजवीकडे समुद्र.

"ताई, सेम आपली सिस्टीम," ते बोट फिरवत म्हणाले. "अजुंतामेन म्हणजे ग्रामपंचायत. वर कोमार्का, म्हणजे आपली पंचायत समिती. दिपुतासिओ ही जिल्हा परिषद. मग कातालोनियाचं राज्य सरकार, माद्रिदला केंद्र. खलास!"

लिविया नावाच्या गावावर त्यांचा विशेष जीव. चहूबाजूंनी फ्रान्स, पण कारभार जिरोनाचा. "जुन्या तहात फ्रान्सला फक्त खेडी द्यायची ठरली होती. हे पडलं शहर, म्हणून राहिलं! कागदावर पकडलं की नाही?" हे ते असं सांगायचे, जणू तो तह त्यांनीच टाइप केला होता. आम्ही सगळे त्या जिरोनाला विटलो होतो.

खरं कारण त्यांच्या बायकोकडून कळलं. एकुलती एक मुलगी दुबईतली चांगली नोकरी सोडून त्या प्रांतातल्या एका किनाऱ्यावरच्या खेड्यात समुद्री गवताचा अभ्यास करायला गेली होती. फ्रान्सची हद्द तिथून हाकेच्या अंतरावर. ती निघताना भाऊसाहेब म्हणाले, "जायचं तर जा, पण मग मला फोन करू नकोस." मुलगी त्यांचीच. दोन वर्षं तिनं फक्त आईला फोन केला. हे शेजारच्या खोलीत कान देऊन बसायचे आणि ऑफिसात येऊन नकाशा बघायचे. मला ते कळल्यावर, त्यांची टिंगल केल्याबद्दल वाईट वाटलं. टिंगल काही थांबवली नाही.

गेल्या हिवाळ्यात मुलगी आईला म्हणाली, बसथांब्याला आडोसा नाही. उत्तरेकडून त्रामुंताना वारा सुटला की उभं राहवत नाही, कान ठणकतो. दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत भाऊसाहेबांनी अर्ज लिहायला घेतला. विषय, संदर्भ, "उपरोक्त विषयान्वये सविनय सादर की", वर त्या गावच्या अजुंतामेनचा पत्ता, आणि खाली बाकीच्या चारही कार्यालयांना माहितीसाठी प्रत. मी टाइप करत होते. पुढचं भाषांतर फोनमधलं ॲप करणार होतं.

शेवटच्या ओळीवर मी थांबले. "पंधरा दिवसांत कार्यवाही न झाल्यास अर्जदाराची कन्या कार्यालयासमोर आमरण उपोषणास बसेल."

"भाऊसाहेब, हे कशाला?"

"त्याशिवाय अर्ज वाचतच नाहीत हो."

"पण मुलगी का? तुम्ही बसा की."

"उपोषणाला स्थानिक रहिवासी लागतो," ते गंभीरपणे म्हणाले. "यल्ला, चला, पाठवा."

पाठवला. आम्हा दोघांच्याही हे डोक्यात आलं नाही की त्या देशात उपोषणाची धमकी ही अर्जाची रीत नसते. तिथं लोक ती खरी मानतात.

आठवड्याभरानं, डबे उघडलेले असताना त्यांचा फोन वाजला. स्क्रीनवर मुलीचं नाव. ते साहेब आल्यासारखे उठून उभे राहिले. ती इतक्या जोरात बोलत होती की स्पीकरची गरजच नव्हती.

"बाबा, व्हॉट हॅव यू डन? सकाळी मेयर माझ्या दारात होती, सूपचं भांडं घेऊन! हात धरून म्हणते, मुली, दोन घास खा, आपण मार्ग काढू! अख्खं गाव मला खायला घालतंय!"

"हो," भाऊसाहेब म्हणाले. "चुकलं. हो, चुकलंच." मग चष्मा कपाळावर गेला. "पण सरपंचबाई काय म्हणाल्या, आडोसा कुणाच्या अखत्यारीत येतो?"

मग ती हसायला लागली, आणि हसता हसता रडायला. "तो रस्ता राज्य सरकारचा आहे म्हणे, बाबा."

"बघ! म्हणून मी त्यांना प्रत दिली होती!"

फोन ठेवल्यावर त्यांनी आमच्या सगळ्यांकडे बघितलं. "दहा मिनिटं ओरडली," ते म्हणाले. पोरगी बोर्डात आल्यासारखा चेहरा झाला होता. मग तोंड धुवायला म्हणून गेले ते बराच वेळ आले नाहीत. मला ते त्या दिवशी फार आवडले.

उन्हाळ्यात ते रिटायर झाले, व्हिसा रद्द झाला. सामान संगमेश्वरला गेलं. थंडी पडल्यावर नवराबायको तिथून मुलीकडे गेले. त्यांच्या टेबलावर आता प्रिंटर आहे. तो बिघडला की कुणाला सांगायचं, हे ऑफिसात कुणालाच ठाऊक नाही.

गेल्या महिन्यात त्यांचा फोटो आला. बसथांब्याचा नुसता खांब, त्याला टेकून हसणारी मुलगी. तिच्या उत्तरेला भाऊसाहेब, वाऱ्याकडे पाठ, केस उभे, ओव्हरकोटाची दोन्ही टोकं हातांनी ताणून धरलेली. खाली एक ओळ: "कायमस्वरूपी आडोसा मंजूर होईपर्यंत तात्पुरती व्यवस्था."