मेणाचं फडकं

मुंबईहून आलेले काका खाऱ्या वाऱ्यात रंग टिकावा म्हणून आपल्या काळ्या मोटारीला रोज मेणाचं पॉलिश लावत. तेव्हा गावात तेवढीच मोटार होती. आईला साप चावला तेव्हा तिला मालवणला डॉक्टरांकडे न्या म्हणून मी त्यांचे पाय धरले. ते म्हणाले, "आताच पॉलिश केलंय. चिखल लागतलो." बैलगाडीने पोचायला उशीर झाला. आई वाचली, पण पायाने कायमची अधू झाली.

पुढे काकांनी मला पॉलिशचं फडकं धुवायला दिलं. मी ते ओलंच वाळूत घोळवलं, वाळवलं आणि वरवर झटकून परत दिलं. काकांनी नेहमीसारखी जोर लावून मोटार घासली. उन्हात बॉनेटभर ओरखडे दिसले, तसे ते मटकन पायरीवर बसले.

मी आईला धरून घरापुढच्या खळ्यात आणलं आणि म्हटलं, "आये, बघ."