हरीभाऊंचं आईस्क्रीम

गिरीज गावात कुणाकडे बारसं असो की साखरपुडा, तारीख ठरली की माणूस आधी हरीभाऊंच्या ओट्यावर यायचा. कारण आईस्क्रीम त्यांचं. लाकडी बादलीचा पॉट, आत जर्मनचा म्हणजे अ‍ॅल्युमिनियमचा डबा, भोवती बर्फ आणि जाडं मीठ, आणि अंगणात सगळ्यांदेखत बसून हँडल फिरवणारे हरीभाऊ. शहाळ्याच्या मलईचं ते आईस्क्रीम ज्यांनी खाल्लं ते अजून नाव काढतात. वाडीतली रीत अशी, की ज्याने हँडल फिरवलं त्यानेच झाकण उघडायचं आणि पहिली वाटी जमलेल्यांतल्या सगळ्यात वडील माणसाला आपल्या हाताने द्यायची. त्या वाटीबरोबर नाव जातं.

दूध कोण आटवतं हे कुणी विचारत नसे. त्यांची बायको सुशीला जवळच्या होळी गावाहून लग्न होऊन या घरात आली तेव्हापासून दूध तिने आटवलं, शहाळी फोडून मलई तिने खरवडली, साखरेचा अंदाज तिचा. डब्याला झाकण लागलं की तिचं काम संपलं. नवी नवी असताना तिने एकदा हौसेने हँडलला हात लावला. हरीभाऊंनी बर्फ फोडायचा दांडका तिच्या मनगटावर टेकवला. मारला नाही, नुसता टेकवला, आणि पाहुण्यांना म्हणाले, "बायकांनी फिरवलं की दूध नासतं." पाहुणे हसले. सुशीलाही हसली. तेव्हा हसायचंच असायचं.

"हिने चांगलं केलंय" एवढं एक वाक्य चारचौघांत त्यांच्या तोंडून ऐकावं, याहून मोठं काही तिने देवाकडेही मागितलं नव्हतं. ते काही आलं नाही.

गेल्या वर्षी हरीभाऊंचा उजवा हात थरथरायला लागला, मग डावा. डॉक्टरांनी कंपवात सांगितला. दवाखान्याच्या पायऱ्या उतरतानाच त्यांनी बायकोला बजावलं, "कुणाला बोललीस तर याद राख. परेशलासुद्धा नाही."

ती बोलली नाही. सकाळी दार लावून त्यांची दाढी तीच करायची, शर्टाची बटणं तीच लावायची, घास तीच भरवायची. चारचौघांत ते चहा घेईनासे झाले. ओट्यावर बसले की मांडीवर उपरणं आणि उपरण्याखाली हात. लोकांना वाटायचं, हरीभाऊ आता गंभीर झाले.

"मुद्दाम कापतेस ना गाल?" दाढी करताना ते विचारायचे.

"मुद्दाम कापला असता तर उरला नसता. हलू नका."

परेश, त्यांचा मुलगा, गोखिवऱ्याला फ्लॅटमध्ये राहतो. एका रविवारी तो बायकोला, ऋतिकाला, आणि मुलीला, पूर्वीला, घेऊन आला. नातीचा पाचवा वाढदिवस वाडीत करायचं त्याच्या मनात होतं.

"बाबा, शहाळ्याचं आईस्क्रीम करणार ना?"

"बादली गळते," हरीभाऊ म्हणाले. बादली गळत नव्हती.

"मग मशीन घेऊ. हल्ली घरगुती मिळतात," ऋतिका म्हणाली, आणि तिने मोबाईलवर तीन मशिनं काढून दाखवली. एक बादलीसारखंच, फक्त हँडलच्या जागी मोटर. बाहेरून बर्फ आणि मीठ घालायचं, ते आपोआप फिरतं. दुसरं लहानसं, स्वस्त. त्याचं भांडं आदल्या दिवशी फ्रीजरमध्ये ठेवून गोठवायचं आणि त्यात मिश्रण ओतायचं. तिसरं महाग. ते स्वतःच गार करतं, बर्फ नको, मीठ नको, मिश्रण ओतून बटण दाबलं की झालं.

"लहानच घेऊया. वर्षातून एकदा तर लागणार," परेश म्हणाला.

"छोट्या भांड्यात चार वाट्या होतील. वाढदिवसाला मुंग्या बोलावणार काय? बादलीवालं घ्या. बर्फ-मिठाशिवाय आईस्क्रीम होत नाही, ते पेशंटचं खाणं होतं," हरीभाऊ म्हणाले.

सुशीलाला लगेच कळलं. मोटर फिरेल आणि हे अंगणात बादलीशेजारी खुर्ची टाकून बसतील. याला सांगतील बर्फ घाल, त्याला सांगतील मीठ घाल. झाकण परेशकडून उघडून घेतील. हात उपरण्याखालीच राहतील आणि नाव जिथे होतं तिथेच राहील.

"मला ते तिसरं हवं," ती म्हणाली.

"तुला? तुला काय कळतं मशीनमधलं?"

"मला दुधातलं कळतं. मशीनमधलं मशीनला कळेल."

परेश हसला. हरीभाऊ हसले नाहीत.

दुकानात जायच्या दिवशी सकाळी ती त्यांच्या शर्टाची बटणं लावत होती. हरीभाऊ भिंतीकडे बघत म्हणाले, "सुशे, बादलीवालंच घे. मला तेवढं तरी असू दे."

लग्न झाल्यापासून त्यांनी तिच्याकडे काही मागितलं असेल तर ते हे पहिलं. तिने वरचं बटण लावलं, कॉलर सारखी केली आणि म्हणाली, "बघते."

दुकानात बादलीवालं मशीन समोरच मांडलेलं होतं. लाकडासारखं दिसणारं प्लास्टिक, वर मोटर. ऋतिका म्हणाली, "आई, हे बघा, अगदी पॉटसारखं. बाबांना आवडेल."

"त्यांना काय आवडतं तेच बघत आले आजवर. ते तिसरं बांधा हो," सुशीलाने दुकानदाराला सांगितलं. तो म्हणाला, मशीन आडवं करू नका, घरी गेल्यावर काही तास उभं ठेवा, मगच चालू करा. रिक्षात तिने ते दोन्ही हातांनी उभं धरलं.

हरीभाऊ ओट्यावर होते. खोका बघून त्यांना कळायचं ते कळलं. "फ्रीजचं पिल्लू आणलंय," एवढंच म्हणाले आणि उठून आत गेले.

पहिल्यांदा केलं ते बिघडलं. गरम दूध तिने कोमट झाल्याझाल्या ओतलं होतं. मशीन घरघर करत राहिलं आणि झाली ती बासुंदी. "फुलपात्रात ओत आणि जिलबी आण," हरीभाऊ म्हणाले. दुसऱ्या खेपेला तिने दूध रात्रभर फ्रीजमध्ये गार केलं, मलई बारीक चिरून मागाहून घातली, आणि आईस्क्रीम असं जमलं की चमचा उभा राहिला. स्वयंपाकघराचं दार लावून तिने एक घास त्यांना भरवला आणि वाट बघत उभी राहिली.

"साखर कमी आहे," ते म्हणाले आणि पुन्हा तोंड उघडलं.

साखर कमी नव्हती. तिने दुसरा घास भरवला, तिसरा भरवला. वाटी संपली तरी ते साखर कमीच म्हणत होते. तिने वाटी धुऊन ठेवली.

वाढदिवसासाठी ती दोन दिवस खपत होती. मशीनमध्ये मावेल तेवढं करायचं, डब्यात भरून फ्रीजरमध्ये टाकायचं, की पुन्हा पुढचं. संध्याकाळी नारळीखाली खुर्च्या मांडल्या. शेजारचे व्हिव्हियनभाऊ आले. जमलेल्यांत तेच सगळ्यात मोठे, पांढराशुभ्र शर्ट घालून अगदी पुढे बसले. शेजारी हरीभाऊ, मांडीवर उपरणं.

केक झाला. सुशीला आईस्क्रीमचा डबा घेऊन बाहेर आली.

"हरीभाऊ, पॉट दिसत नाही कुठे?" व्हिव्हियनभाऊंनी विचारलं.

"घरातच केलं. उन्हात कोण बसतो आता. पण काळजी नको, हात माझाच."

"मग बघायलाच नको," मागून कुणीतरी म्हणालं.

किती सहज म्हणाले. घसाही खाकरला नाही. सुशीलाच्या हातात पळी होती. ती क्षणभर त्यांच्या तोंडाकडे बघत राहिली, अजून काही बोलतात का म्हणून. ते व्हिव्हियनभाऊंना मागच्या कुठल्या साखरपुड्याची गोष्ट सांगायला लागले होते.

तिने पहिली वाटी भरली, चमचा ठेवला.

"अहो, मग तुम्हीच द्या की व्हिव्हियनभाऊंना. रीत आहे." आणि चुरगळलेलं सारखं करावं तसं तिने त्यांच्या मांडीवरचं उपरणं उचलून आपल्या खांद्यावर टाकलं. हात उघडे पडले. त्या हातांत तिने वाटी ठेवली. वाटी अजून तिच्याही बोटांत होती.

"सुशे," हरीभाऊ अगदी हळू म्हणाले.

तिने बोटं सोडली.

चमचा वाटीवर वाजायला लागला, तो सगळ्यांनी ऐकला. हरीभाऊंनी दुसऱ्या हाताने आधार द्यायला बघितलं, तर दोन्ही हात मिळून जास्तच हलले. चमचा खाली पडला आणि आईस्क्रीम व्हिव्हियनभाऊंच्या शर्टावर.

"बाबा, हाताला काय झालं?" परेश पुढे धावला.

"वर्ष झालं," सुशीला म्हणाली. सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली. "बटणं मी लावते, घास मी भरवते. आईस्क्रीम कुठलं करतात ते."

तिने दुसरी वाटी भरली आणि स्वतः व्हिव्हियनभाऊंना दिली. बिचाऱ्या म्हाताऱ्याला काय करावं कळेना. शर्ट न पुसताच त्यांनी एक चमचा तोंडात घातला.

"चांगलं केलंस, सुशीला," ते खाली बघत म्हणाले.

हेच वाक्य होतं. दुसऱ्याच्या तोंडून आलं, पण आलं. मग ती सगळ्यांना वाढत गेली.

पाहुणे गेल्यावर घरची माणसं जेवायला बसली. परेश बापाला भरवायला गेला तर त्यांनी तोंड फिरवलं. पूर्वीने चमचा हातात घेऊन थरथरा हलवला आणि सगळा भात ताटाबाहेर सांडला. "मी आजोबा," ती म्हणाली. ऋतिकाने तिच्या पाठीत धपाटा घातला. सुशीलाला हसू आलं. आवरता आलं असतं. तिने आवरलं नाही. हरीभाऊ तिच्याकडे बघत होते.

"आई, हे तू घरात मला सांगू शकली असतीस," निघताना परेश म्हणाला.

"तुझ्या वडिलांनी बजावलं होतं, तुलासुद्धा नाही."

"मग आज?"

तिने पूर्वीच्या पायात चपला घातल्या.

गाडी गेल्यावर हरीभाऊंनी विचारलं, "समाधान झालं?"

"झालं," ती म्हणाली आणि देवापुढे दिवा लावायला गेली. रोजच्यासारखं स्तोत्र म्हटलं, नमस्कार केला. माफी मागितली नाही. मनात नसलेलं देवापुढे बोलायची तिला सवय नव्हती.

त्या दिवसापासून हरीभाऊ तिच्याशी बोलले नाहीत. दाढी वाढू दिली. उपरणंही घेईनात. सगळ्यांनी बघितलंच होतं, आता झाकायचं कुणापासून. ओट्यावर बसायचे आणि मांडीवर हात उघडे थरथरत असायचे. रस्त्याने जाणारे आधी हाक मारून थांबायचे, ते आता मान हलवून पुढे जायला लागले.

पुढच्या आठवड्यात व्हिव्हियनभाऊंची सून आली. जोनाथनचं, म्हणजे तिच्या मुलाचं, लग्न ठरलं होतं. ओट्याच्या पायरीशी ती घुटमळली, कारण हरीभाऊ पाय पसरून वाटेतच बसले होते आणि त्यांना ओलांडून जाणं बरं दिसत नव्हतं.

"काका, काकू आहेत ना? आईस्क्रीमचं विचारायचं होतं."

आतून सुशीलाने ऐकलं. पदराला हात पुसत ती दारात आली. हरीभाऊंनी एकदा त्या सुनेकडे बघितलं, एकदा समोरच्या केळींकडे. मग त्यांनी एक एक करून पाय जवळ घेतले आणि तिला आत जायला वाट दिली.