तिला कावीळ झाली नाही
लग्नाला वर्षही झालं नव्हतं तेव्हा मला कावीळ झाली. डोळे पिवळेजर्द, भाताच्या वासानंही ओकारी. अकोटच्या कापसाच्या जिनिंगमध्ये मी फिटर होतो. तिथल्या माणसांनी मला धरून घरी आणलं आणि दुसऱ्या दिवशी अकोल्याला दवाखान्यात भरती केलं. बायको उशाशी बसून असायची.

रक्तात हिपॅटायटिस बी निघाला. मग डॉक्टरीणबाईंनी तिचंही रक्त तपासलं. तिच्यातही तोच विषाणू होता, बहुधा जन्मापासून. तिची आई तेल्हाऱ्याला पोटात पाणी होऊन वारली होती.

"पन मले तं कधी काईच झालं नाई," ती म्हणाली.

"यांच्या पेशी विषाणूवर तुटून पडल्या," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "त्या लढाईत लिव्हर सुजलं, म्हणून कावीळ. हे बहुतेक बरे होतील. लढणाऱ्यांना आवर घालणाऱ्या पेशीही अंगात असतात, रेग्युलेटरी टी पेशी. त्या नसत्या तर लढाईत लिव्हरच संपलं असतं. पण जन्मताच विषाणू शिरला की लढाई नीट पेटतच नाही, त्यात या पेशींचा आवर. तुमचं लिव्हर शांत राहिलं, विषाणूही राहिला."

घरी आल्यावर माझी आई तिला म्हणाली, "माह्या पोराले हा रोग तुनंच देल्ला." त्या दिवसापासून आईनं तिचं ताट वेगळं केलं. सोबत जेवल्यानं तो पसरत नाही, हे मी आईला कितीदा सांगितलं. तिचं ताट वेगळं ते वेगळंच राहिलं.

दिवाळीपर्यंत माझ्या रक्तातून विषाणू गेला. पुढे मुलगी झाली, तिला जन्मताच इंजेक्शनं दिली, ती वाचली. बायको काही वर्षं तपासणीला गेली, मग थांबली. "काईच दुखून नाई राह्यलं, तं कायले जाऊ?"

गेल्या हिवाळ्यात तिच्या उजव्या कुशीत दुखायला लागलं. अमरावतीला सोनोग्राफीत लिव्हरमध्ये मोठी गाठ दिसली, त्या विषाणूतूनच झालेल्या कॅन्सरची. तिथले डॉक्टर म्हणाले, आवर घालणाऱ्या पेशी अशा गाठीतही गोळा होतात. अंगाला गाठीशीही लढू देत नाहीत.

परतताना एसटीत ती म्हणाली, "तुमचं अंग भांडलं. माह्यं कावून नाई भांडलं?"

"तुह्या हातात नोतं ते," मी म्हणालो.

"आईले सांगा तेवढं."

मी सांगितलं. आई ऐकून उठून आत गेली.

फाल्गुनात बायको गेली. मी अजून तपासणीला जातो. लिव्हर एकदम चांगलं आहे, असं दर वेळी सांगतात.