चष्मा एक, स्क्रू दोन

गोदीत तिला सगळे तोंडावर मावशी म्हणायचे आणि पाठीमागे झाकणबाई. तिला दोन्ही माहीत होतं आणि दोन्ही चालायचं. डागडुजीला आलेल्या पाणबुडीच्या पाठीवर माणूस जेमतेम उतरेल एवढं गोल तोंड असतं, त्याच्यावर जाडजूड लोखंडी झाकण. त्या झाकणाशी टेबल टाकून ती एकवीस वर्षं बसली होती. आत जाणाऱ्याने आपला पितळी बिल्ला खिळ्याला अडकवायचा, खिसे टेबलावर उलटे करायचे, आणि काय काय आत नेतोय ते तिने वहीत लिहायचं. पाना, बॅटरी, पेन. पेनाचं टोपण वेगळं. जेवढं आत गेलं तेवढंच बाहेर आलं पाहिजे.

"मावशी, माझा दात पण लिहा," वेल्डर म्हणायचा. "पुढचा हलतोय."

"आ कर," ती म्हणायची. आणि खरंच लिहायची.

कारण आत राहिलेली बारीकशी वस्तू नळीत गेली तर झडप मिटत नाही, आणि कुठे खडखडत राहिली तर समुद्रात ती मैलोन्‌मैल ऐकू जाते. ही बोट तर मुळात ऐकूच येऊ नये म्हणून बांधलेली. पोटात अण्वस्त्रं घेऊन ती महिनोन्‌महिने पाण्याखाली दडून बसते. ती नेमकी कुठे आहे ते कुणालाच कळत नाही, म्हणून कुणी आपल्या वाटेला जात नाही, असा एकूण विचार.

उपाहारगृहात वेल्डरने एकदा या बोटींच्या वर्षाच्या देखभालीचा आकडा पेपरातून मोठ्याने वाचायला घेतला. पुढची शून्यं बोटाने मोजली, दोनदा चुकला आणि पेपर खाली ठेवला.

"आणि एवढं करून ती अस्त्रं वापरायची कधी, तर कधीच नाही. वापरायची वेळ आली तर पैसे पाण्यात गेले म्हणे!"

"ते तसेही पाण्यातच आहेत," झाकणबाई म्हणाली आणि चहा संपवून उठली.

अशा बोटी चार. लग्न होऊन घरात आली तेव्हा सुनेने विचारलं होतं, "समुद्रात एका वेळी एकच असते ना? मग चार कशाला?"

"कपड्यांसारखं आहे गं. एक अंगावर, एक धुण्यात, एक दोरीवर आणि एक शिंप्याकडे. अंगावरचा काढायचा तर दुसरा वाळलेला हवा."

"आणि नाही वाळला तर?"

"तर अंगावरचाच मळवायचा."

तेव्हा सून हसली होती. आता हसत नव्हती. झाकणबाईचा मुलगा अंगावरच्या बोटीवर स्वयंपाकी होता. तीन महिन्यांसाठी म्हणून गेला, त्याला पाच होत आले होते. गोदीतल्या बोटीच्या एका नळीला तडा निघाला, ती बदलेपर्यंत समुद्रातलीला परत येता येईना. आता सगळं दुरुस्त होऊन बोट दहा तारखेला सुटणार होती. ती सुटली की मुलगा घरी, आणि सुनेचे दिवस त्यानंतर आठवड्याने भरत होते. स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर सुनेने दोन्ही तारखांना गोल केला होता, आणि मधल्या सात दिवसांवर हात फिरवायची तिला सवय लागली होती.

एक तारखेला दुपारी चारला तपासनीस साहेब झाकणातून वर आले. अस्त्रांच्या खोलीची शेवटची पाहणी आटपली होती. त्यांनी बॅटरी टेबलावर ठेवली, आरसा ठेवला, पेन ठेवलं, टोपण ठेवलं. झाकणबाई त्यांच्या तोंडाकडे बघत राहिली.

"साहेब, चष्मा."

"हो, काडी लोंबतेय. घरी जाऊन दोरा बांधतो."

"स्क्रू कुठाय?"

"कुठला?"

"डावा."

साहेबांनी चष्मा काढून डोळ्यांजवळ धरला, पण चष्म्याशिवाय त्यांना दिसणार काय! झाकणबाईने वही उलटून सकाळची नोंद त्यांच्यापुढे धरली. चष्मा एक, स्क्रू दोन.

"बाई, तो आधीच पडलेला असेल. खरं सांगा, सकाळी बघितला होतात का?"

सहा वर्षं हाच माणूस हाच चष्मा घालून येत होता. साहेबांना सर्दी झाली होती, हे तिला आठवलं. रुमाल दोन लिहिले, हेही आठवलं. स्क्रू आठवेना.

"नाही आठवत."

"मग सवयीने लिहिलंत. खोडा आणि एक करा. माझी सही घ्या शेजारी. तुम्हाला चार शब्द ऐकावे लागतील, विषय संपला."

मागे रांगेत वेल्डर उभा होता. तो हळूच म्हणाला, "मावशी, दहा तारीख. नातवंड तोंडावर आलंय. कशाला ओढवून घेता?"

"अरे, आठवत नाही मला."

"तेच तर साहेब म्हणतायत!"

"नव्हता असं आठवत असतं तर खोडलं असतं," ती म्हणाली. मग टेबलाखालची लाल पाटी काढून तिने झाकणाच्या कडीला अडकवली. लाल पाटी लागली की काम बंद, आणि ती काढायचा अधिकार लावणाऱ्यालासुद्धा नाही.

घरी तिने चप्पल काढतानाच सांगून टाकलं.

"एका स्क्रूसाठी?" सून म्हणाली. "केवढा असतो तो?"

झाकणबाईने करंगळीच्या नखाचं टोक दाखवलं.

"आणि तो आत पडलाय, हे नक्की?"

"नक्की नाही."

सून कॅलेंडरपाशी गेली, उभी राहिली आणि खोलीत निघून गेली. त्यानंतर ती सासूशी बोलेना. बोलायचीच वेळ आली तर भांड्यांशी बोलायची. "दूध उतू चाललंय, कुणीतरी बघा." झाकणबाई बघायची.

गोदीत अठरा माणसं आरसे आणि चुंबकं घेऊन ती खोली पालथी घालत होती. नळ्या सोडवल्या, जमिनीच्या पट्ट्या उचलल्या. दहा तारीख आली आणि गेली. मुलाच्या बोटीवर काय म्हणत असतील, ते कळायचा मार्ग नव्हता; घरून आठवड्याला चाळीस शब्दांचा निरोप जायचा, तिकडून उलट काही यायचं नाही.

तेराव्या दिवशी सकाळी साहेब आले. आत जायला नाही. त्यांनी एक पाकीट तिच्या टेबलावर उलटं केलं. करंगळीच्या नखाच्या टोकाएवढा स्क्रू.

"घरी चष्म्याच्या डबीत होता. अस्तराखाली. बायकोला सापडला."

म्हणजे तो गोदीत आलाच नव्हता. झाकणबाईने तो चिमटीत धरून उजेडात बघितला, वही ओढली आणि लिहिलं: स्क्रू एक, बाहेरून आला.

पण उघडलेल्या नळ्या जोडून त्यांची चाचणी पहिल्यापासून घ्यायची, म्हणजे आणखी दोन आठवडे. कचेरीने तिला त्याच दिवशी दोन कागद दिले. एकात न बघता नोंद केल्याबद्दल ताकीद होती, दुसऱ्यात शंका वेळेवर कळवल्याबद्दल शाबासकी. दोन्हींवर सही एकाच माणसाची. वेल्डर म्हणाला, "आमनेसामने टांगा."

घरी गेल्यावर ती सुनेला म्हणाली, "सापडला. साहेबांच्या घरीच होता. चूक माझी."

सुनेने बारा दिवसांत पहिल्यांदा तिच्याकडे बघितलं. "मग आता?"

"आता सगळं परत जोडायचं."

"तुम्हाला वाईट वाटत नाही?"

"वाटतं ना. पण उद्या पुन्हा नाही आठवलं, तर पुन्हा पाटी लावावी लागेल."

 त्या संध्याकाळी सुनेने दोन कप चहा टाकला.

सतरा तारखेला मुलगी झाली. दुसऱ्या दिवशी झाकणबाई इस्पितळात गेली तेव्हा सून उशीला टेकून गुडघ्यावर कागद ठेवून बसली होती. मुलाला पाठवायचा निरोप. त्यात तारीख चालत नाही, प्रश्न चालत नाही, वाईट बातमी तर नाहीच. पाण्याखालच्या माणसाला ती कळून तो करणार काय? निरोप तपासणारा कारकून असलं काही दिसलं की काट मारायचा.

"मोजा," सून म्हणाली. "तुमचंच काम."

मुलीचं वजन होतं, केस होते, नाक कुणासारखं ते होतं. सासूच्या स्क्रूबद्दल अक्षर नव्हतं.

"एकोणचाळीस."

"म्हणजे एक उरतो. तो तुमचा."

झाकणबाई पेन घेऊन बसली. माफी म्हणावं, तर कशाची ते सांगायला जागा नव्हती. लवकर म्हणावं, तर कारकुनाने काट मारली असती, आणि तिच्या तोंडी तो शब्द शोभलाही नसता. शेवटी मुलगा शाळेत जायचा तेव्हापासून दारातून त्याच्या पाठीमागे टाकत आलेला शब्दच तिने लिहिला आणि कागद पुढे केला.

सुनेने वाचलं. "सावकाश?" तिने पुन्हा वाचलं. "आई! अजून सावकाश?"

मग तिला हसू फुटलं. पोट धरून, डोळे मिटून ती म्हणाली, "हसवू नका हो, टाके दुखतात."

झाकणबाईने कागद परत घेतला. एकेका शब्दावर बोट ठेवत, प्रत्येक शब्द नीट बघत तिने पहिल्यापासून मोजला. चाळीस.