पडलेला शिपाई
युद्धाच्या एका मुक्या बातमीपटानं माझ्या वडिलांना, आबांना, फसवलं, आणि तो घरी मीच आणला होता. परवा व्हिनेगरची बाटली उघडली आणि त्या जुन्या रिळाच्या डब्याचा तोच आंबट वास आठवला. इथे अमेरिकेत, अ‍ॅशबर्नमधल्या एका गराज सेलमध्ये, घरासमोर मांडलेल्या जुन्या सामानाच्या विक्रीत, म्हातारा विकणारा वैतागेपर्यंत घासाघीस करून, मी ते रीळ प्रोजेक्टरसकट पदरात पाडून घेतलं होतं. साताऱ्याहून आलेल्या आबांना मी बेसमेंटमध्ये पडद्यासमोर बसवलं. त्यांचे आजोबा पहिल्या महायुद्धात फ्रान्सला गेले ते परतलेच नाहीत. घरात त्यांचा फोटोसुद्धा नव्हता. पडद्यावर पाटी आली, ‘फ्रान्समधले हिंदी शिपाई’. मग धूर, धावपळ, आणि एक फेटेवाला छातीवर हात दाबून कोसळला. आबा उठले, सपाता काढून हात जोडून उभे राहिले. “असेच गेले असतील रे आमचे आजोबा,” ते म्हणाले. तेवढ्यात, कापायच्या राहिलेल्या शेवटच्या तुकड्यात, तो मेलेला शिपाई उठला, विजार झटकली आणि कॅमेऱ्याकडे बघून हसला. धूर विरला तशी मागे कुणाच्या तरी परसातली दोरीवर वाळत घातलेली चादर दिसली. “नाटक होतं होय?” आबांचे हात अजून जोडलेलेच होते. “मग आजोबांचं खरं काय झालं, ते कुणी दाखवलं?” मी चिडून प्रोजेक्टर बंद केला. आबा आता नाहीत. डब्याचा गंजसुद्धा निरखणाऱ्या मी आतलं चित्र आधी बघितलं नाही, ही चूक माझी. पण त्या माणसाला ‘पड आता’ म्हणून वर ती पाटी ज्यांनी लावली, त्यांच्यापैकी कुणीतरी माझ्या आबांना उत्तर द्या.